बंद टॉकीजचा दुपारचा शो

आबा गेले त्याच्या आदल्या दिवशी मी अंगणात शेंगा फोडत बसले होते. त्यांनी खुंटीवरची किल्ली काढली, टोपी झटकून घातली.

"शिवकन्ये, चाल टॉकीजात. दुपारचा शो हाय."

"आबा, पंधरा वर्षं झाली टॉकीज बंद पडून. मशीन भंगारात गेली. काय पाहायचं तिथं?"

"आलीस तर कळंल. मास्तरीण झाली, पण फुकटचा पिच्चर पाहायची अक्कल न्हाई."

मी हसले. "उद्या येते," म्हणाले.

दुसऱ्या दिवशी ते झोपेतून उठलेच नाहीत.

तेरवीनंतर मी किल्ली घेऊन निघाले. बाळापूरच्या बाजाररस्त्यावरच्या या टॉकीजात ते तीस वर्षं ऑपरेटर होते. मशीनच्या खोलीत कधी चपला घालून गेले नाहीत. जिना चढून मीही त्या बाहेरच काढल्या.

आत अंधार. रस्त्याकडची खिडकी पत्रा ठोकून बंद केलेली. मशीनच्या जागी एक खुर्ची आणि समोरच्या भिंतीवर ताणून बांधलेलं त्यांचं पांढरं धोतर. दार लावून बसले. बराच वेळ काही दिसेना. मग धोतरावर काहीतरी हललं.

पत्र्याला खिळ्याचं एक भोक होतं. तेवढ्यातून अख्खा रस्ता आत आला होता, उलटा. आभाळ खाली, माणसं वर. मेंढरांचा कळप छताजवळून चालला होता, मागून धनगराचा तांबडा पटका खाली लोंबत येत होता. घुंगरांचा आवाज मात्र सरळ, बाहेरून. सूचिछिद्र कॅमेरा मी दरवर्षी मुलांना खोक्यात करून दाखवते. खोक्याच्या आत कधी बसले नव्हते. मला हात जोडावेसे वाटले.

ढग आला असावा. चित्र विझलं.

रीळ तुटलं की खालचा हॉल ओरडायचा, "ए ऑपरेटर, झोपला का बे?" नऊ वर्षांची असताना, ऑपरेटर आपल्याच घरचा आहे हे नव्या मैत्रिणींना कळू नये म्हणून, एकदा मीही ओरडले होते. सगळ्यांत मोठ्यानं. घरी आल्यावर आबांनी एवढंच विचारलं होतं, "पिच्चर आवडला का?"

मी उठले. धोतराची कड उचलली. मागे हॉलकडे उघडणारा चौकोनी झरोका होता, मशीनचा उजेड पडद्यावर जायचा तो. खाली खुर्च्या नव्हत्या, पडदा नव्हता. झरोक्याशी तोंड नेऊन मी त्या काळोखाला मोठ्यानं म्हणाले,

"ओरडू नका. तो ऑपरेटर माझा बाप आहे."