नाव तेवढं खरं

आपण हल्ली गावची बातमीसुद्धा फोनवर वाचतो. पूल बंद आहे का, वादळ येतंय का, सगळं बोटावर. ते कोणी लिहिलं, हे मात्र क्वचितच बघतो. अमेरिकेत मिनेसोटाच्या उत्तर भागात, टॅमरॅक सरोवराकाठी राहणारी ब्रिजेट नीमी तर असल्या बातम्या स्वतःच तयार करायची, आणि तिलाही हा प्रश्न कधी पडला नव्हता.

काम घरबसल्या होतं. आसपासच्या छोट्या वर्तमानपत्रांतला मजकूर उचलायचा आणि कंपनीच्या प्रोग्रॅममध्ये टाकायचा. तो प्रोग्रॅम मूळ शब्द काढून त्यांच्या जागी समानार्थी शब्द घालायचा, म्हणजे मजकूर नवा दिसायचा आणि उचलेगिरी पकडली जायची नाही. ब्रिजेटने बघायचं ते एवढंच, की माणसांची, गावांची, सरोवरांची नावं जशीच्या तशी राहिली आहेत. ते ती डोळ्यांत तेल घालून बघायची. बाकी वाक्याचं कडबोळं झालं तरी कंपनीत कोणाला सोयरसुतक नव्हतं.

मार्चच्या अखेरीस, सरोवर अजून गोठलेलं असताना, एका दुपारी तिची आई, व्हर्ना, बर्फाला भोक पाडून त्यात गळ टाकून मासे धरायला गेली आणि उत्तरेच्या खाडीत बर्फ फुटून पाण्यात पडली. काठावर होडी दुरुस्त करणाऱ्या दोघा भावांनी तीच होडी बर्फावरून ढकलत नेली, म्हणून ती वाचली. ब्रिजेट हॉस्पिटलात पोचली तेव्हा आई ब्लँकेटांच्या ढिगात होती. ओठ अजून निळे, पण तोंड चालू होतं.

"असं रागाने बघू नकोस. मी बातमी वाचूनच गेले होते. आर्विड साल्मेलानेच सांगितलंय, खाडीतला बर्फ जाड आणि जुना आहे म्हणून. जुना म्हणजे मुरलेला, पक्का. खाडीचं नाव बरोबर, सरोवराचं बरोबर, खाली आर्विडचंही नाव. मग विश्वास का नाही ठेवायचा?"

ब्रिजेटने स्वतःच्या फोनवर ती बातमी उघडली. ते पान तिनेच पाठवलेलं होतं. नावं तिनेच तपासली होती.

आईला तिने तिथेच सगळं सांगून टाकलं. व्हर्ना म्हणाली, "मला सांगून काय उपयोग? आर्विडकडे जा. नाव त्याचं गेलंय."

आर्विड साल्मेला जीवशास्त्राचे निवृत्त शिक्षक. ब्रिजेट त्यांची विद्यार्थिनी. दर हिवाळ्यात ते सरोवरावर हिंडून गावच्या वर्तमानपत्रात बर्फाची खबर लिहायचे. त्यांनी तिला आत घेतलं, कॉफी दिली आणि तिचं सगळं ऐकून घेतलं. आपण मुद्दाम काही केलं नाही, शब्द यंत्राने बदलले, आणि असं काम हजारो लोक करतात, हेही तिने सांगून पाहिलं.

"मी काय लिहिलं होतं, आठवतं?" त्यांनी विचारलं.

तिला आठवत नव्हतं. तिने ते वाचलंच नव्हतं.

"बर्फ जाड असला तरी जीर्ण झाला आहे, असं लिहिलं होतं. तुझ्या यंत्राने 'जीर्ण'चं 'जुना' केलं आणि 'तरी' खाऊन टाकलं. चल, बूट घाल."

ते तिला काठावर घेऊन गेले. करवतीने त्यांनी कडेच्या बर्फाचा एक ठोकळा कापला आणि दोघांनी मिळून तो वर ओढला. चांगला हातभर जाड, घट्ट, शहाबादी फरशीसारखा. ब्रिजेट त्यावर डोळे मिटून उभी राहिली असती. आर्विडनी त्यावर काठीचा नुसता हलका टोला दिला.

तो ठोकळा फुटला नाही, सुटला. वरपासून खालपर्यंत उभ्या, लांब, पारदर्शक कांड्या एकमेकींपासून वेगळ्या झाल्या आणि किणकिणत तिच्या पायाशी सांडल्या. शेकडो कांड्या, एकेकीत उतरतं ऊन. सगळ्या सरोवरावर अशाच कांड्या नुसत्या एकमेकींना टेकून उभ्या होत्या! जन्मभर ती या काठावर राहिली होती, आणि हे तिने कधी पाहिलं नव्हतं. तिच्या अंगावर काटा आला. किती सुंदर होतं ते, आणि याच्यावरून तिची आई चालत गेली होती.

आर्विड हळू आवाजात म्हणाले, "हे एवढं सगळं मला एका शब्दात बसवायचं होतं. शब्द सापडेपर्यंत मी दोनदा इथे येऊन गेलो. दोन शब्द सारखे दिसतात, ब्रिजेट, पण प्रत्येकाने वेगळं काहीतरी पाहिलेलं असतं. तू माझं नाव तसंच ठेवलंस आणि माझं पाहणं काढून घेतलंस. त्यापेक्षा नाव पुसलं असतंस तर बरं झालं असतं. मग निदान व्हर्नाने विश्वास ठेवला नसता."

ब्रिजेटने एक कांडी उचलली आणि ती वितळेपर्यंत हातात धरून ठेवली.

त्याच दिवशी तिने कंपनीला ते पान काढायला लावलं आणि काम सोडलं. वरचा माणूस शांतपणे म्हणाला की तिच्या जागी दुसरं कोणीतरी मिळेल. मिळालंही असेल. झाली चूक तिने गावच्या वर्तमानपत्रात स्वतःच्या नावाने कबूल केली. लोकांनी दुकानात टोमणे मारले, ते तिने ऐकून घेतले.

पुढच्या डिसेंबरात आर्विडचे गुडघे कुरकुरू लागले, तेव्हा बर्फाची खबर लिहायला त्यांनी तिलाच सांगितलं. पहिल्या कडाक्याच्या सकाळी ती काठावर गेली तेव्हा सरोवर नव्याने गोठत होतं. अचानक, घट्ट होत जाणाऱ्या बर्फाखालून एक आवाज निघाला, खोल, लांबलचक, या काठापासून त्या काठापर्यंत धावत गेलेला. छातीत घुमला तो. ब्रिजेट जागच्या जागी थिजली. मग तिने हातमोजा काढला, वही उघडली आणि त्या आवाजासाठी शब्द शोधू लागली. गडगडाट? नाही. हुंकार? जवळ होता, पण तोही नाही. दुपार झाली तरी ती तिथेच होती.

वाचकहो, यंत्र वापरा, मदत घ्या, त्यात पाप नाही. पण दुसऱ्याच्या नावाखाली त्याने न म्हटलेलं काही ठेवू नका, आणि स्वतः न वाचलेलं कोणाच्या हाती देऊ नका. आपण लिहिलेल्या शब्दावर भरवसा ठेवून कोणीतरी पाऊल टाकणार असतं.