भांडायची भाषा

शवपेटी अजून खड्ड्यात उतरवलीही नव्हती, तोच दोघींची जुंपली.

"प्रार्थना इबिबिओत होणार," इतोरो म्हणाली. "बाबांनी शेवटी तेवढंच मागितलं होतं."

"एफिकमध्येच होणार." आंटी अरित म्हणजे अमेरिकेतल्या अर्विंग गावच्या त्यांच्या चर्चमधल्या क्वायरच्या प्रमुख. एफिक जमातीच्या, नाक कायम वर. "बायबल एफिकमध्ये, गाणी एफिकमध्ये. तुमच्या इबिबिओत लोक बाजारात भांडतात. देवाशी नाही बोलत."

इतोरोच्या तळपायाची आग मस्तकात गेली. नायजेरियाच्या एकाच कोपऱ्यातल्या या दोन भाषा, इतक्या जवळच्या की एकीतली शिवी दुसरीला बरोबर झोंबते. पण मिशनऱ्यांनी आधी एफिक शिकून तिच्यात बायबल छापलं, आणि इबिबिओ पोरांची शाळाही एफिकमधून झाली. घरची भाषा तोंडातून निसटली म्हणून बाबांनी तिथे छड्या खाल्ल्या होत्या. तो राग त्यांनी थेट टेक्सासपर्यंत जपून आणला होता.

"व्हा बाजूला." तिने अरितना कोपराने सारलं, डोळे मिटले आणि सुरुवात केली.

जमेना. प्रत्येक वाक्य दोन पावलं चालून एफिककडे वळायचं. लहानपणापासून ती देवाशी दुसऱ्याच कुणाच्या भाषेत बोलत आली होती. बाबाही तसेच बोलायचे!

"चालू दे ना," अरित गालात हसल्या.

इतोरोने डोळे उघडले. समोर पेटी. तिला बापाचाच भयंकर राग आला, आणि इबिबिओ धो धो आली.

"कधी शिकवलीत मला प्रार्थना? गोळ्या घ्या म्हटलं की भिंतीकडे तोंड! सूप अळणी म्हणून वाटी ढकलायची! आणि आता मला या बाईसमोर तोंडघशी पाडून निघालात? घरी जाऊन मी भांडू कुणाशी?"

तोच मागून एक म्हातारी बाबांच्या पेटीकडे बोट रोखून इबिबिओत कडाडली, "अनिएकान, माझी छत्री नेलीस ती कोण परत देणार रे?"

"सोंगट्यांत फसवायचास, लबाडा!" दुसरा एक म्हातारा रडत रडत ओरडला. बघता बघता सगळे इबिबिओ म्हातारे पेटीभोवती जमून बाबांना फैलावर घेऊ लागले.

अरितनी गाण्याचं पुस्तक फाडकन मिटलं. "ही काय प्रार्थना झाली?"

"समजली ना?" नाक पुसत इतोरोने विचारलं.

समजली होती, शब्द न् शब्द. अरितनी मान फिरवली.

"मग आमेन म्हणा. नाहीतर अजून भांडते."

दातओठ खात अरित म्हणाल्या, "आमेन."