जुसब लुहाराचा गुरुवार

बुधवारी सकाळी जुसब लुहाराने गुरांच्या गळ्यात बांधायच्या घंटेच्या कडेवर हातोडीचे बारीक ठोके घातले, ती कानाशी नेऊन वाजवली आणि मान हलवली. "अजून दहा वाजताचाच सूर आहे. हिला अकराची करायचीय."

त्याची मुलगी हूरबाई समोर बसून दुसऱ्या घंटेवर तांब्याची पूड चढवत होती. भुजच्या शाळेत ती शिकवायची, पण सुट्टीत घरी आली की हात मातीत जायचेच. बापाच्या बोलण्याचं तिला नवल नव्हतं. जुसबला वेळ ऐकू यायची. तासातासाला, वारावाराला त्याच्या कानात वेगळा सूर होता. सोमवार जाड, शुक्रवार पातळ आणि लांबत जाणारा. उद्याचा वार आदल्या दिवशीच दुरून वाजू लागे, रानातून परतणाऱ्या कळपासारखा. त्याने जन्मात मनगटाला घड्याळ बांधलं नाही. भट्टी कधी उघडायची तेही कानानेच ठरवायचा, आणि त्याची घंटा कधी कच्ची निघाली नाही. भुजच्या एका डॉक्टरने या दुखण्याला लांबलचक नाव दिलं होतं. गावाने नुसतं "जुसब घड्याळ" ठेवलं.

हूरबाईलाही ऐकू यायची. हे मात्र कोणालाच माहीत नव्हतं.

सहा-सात वर्षांची असताना बापलेकीचा तो खेळच होता. "आजचा मंगळवार कसा गं?" "फुटका!" "अगदी!" म्हणत जुसब मांडीवर थाप मारायचा. मग एकदा त्याच्या बहिणीने ते ऐकलं. "बापाचं वेड पोरीत उतरलं, भाभी. हिला कोण करून घेणार?" त्या संध्याकाळी आईने हूरबाईला जवळ घेऊन बजावलं. दुसऱ्या दिवशी बापाने विचारलं तेव्हा ती म्हणाली, "मला आता काही ऐकू येत नाही."

जुसबने हातोडी खाली ठेवली. "बरं झालं," म्हणाला. "सुटलीस."

त्यानंतर बत्तीस वर्षं त्याने विचारलं नाही. तिचं लग्न झालं, आई गेली, तरी तिनेही विषय काढला नाही. आधी भीती होती, मग लाज. पुढे पुढे तर इतक्या जुन्या खोट्याला हात लावायचा कुठून, हेच कळेना.

त्या बुधवारी दुपारी बाजरीचा रोटला मोडता मोडता जुसब थांबला.

"उद्याचा गुरुवार येत नाहीये."

"म्हणजे?"

"सकाळपासून कान लावलाय. बुधवार वाजतोय. त्याच्यापुढं काहीच नाही." मग ताकाच्या वाटीकडे बघत, अगदी हळू, "तुला तरी येतो का गं?"

हूरबाईच्या कानात गुरुवार केव्हाचा वाजत होता. तडा गेलेल्या घंटेसारखा, जवळ जवळ येणारा.

मुकी घंटा हातात आली की लुहार आधी एकच बघतो, भाजण्यासाठी लावलेली माती आत चिकटून राहिलीय का. दहात नऊ वेळा तेच निघतं. तिच्या तोंडूनही तेच बाहेर पडलं.

"मला कुठलं ऐकू येतंय, अब्बा? तुमच्याच कानात माती राहिली असेल."

जुसब खो-खो हसला. "खरंय! आख्ख्या मुलखाच्या घंटा साफ केल्या, घरचीच राहिली."

"शुक्रवारी चला माझ्याबरोबर भुजला. डॉक्टरला दाखवू."

"शुक्रवारचं शुक्रवारी. आधी वाजू तर दे."

तिने तेल कोमट करून त्याच्या कानात थेंब सोडले. "पडला काही फरक?"

"तेल झकास आहे. भजी झाली असती."

गुरुवारी सकाळी ती चहा घेऊन गेली तेव्हा जुसब ऐरणीपाशी भिंतीला टेकून बसला होता. हातोडी मांडीवर, मान एका बाजूला कललेली, काहीतरी ऐकत असल्यासारखी. चहा तिने तसाच खाली ठेवला.

हृदय बंद पडलं, डॉक्टर म्हणाले. छातीचं दुखणं जुनं दिसतं. कालच आणलं असतं तर काही करता आलं असतं.

काल. कालच तर तिला कळलं होतं की गुरुवार येतोय, आणि तो बापाला ऐकू येत नाहीये. दोन्ही गोष्टी मिळून फक्त तिच्यापाशीच होत्या.

त्याच्यामागे आपलेही कान बंद होतील अशी तिला आशा होती. तसं काही झालं नाही. रोजचा उद्या आदल्या दिवशी न चुकता वाजत येई, स्वच्छ, खणखणीत. आपल्याला अजून किती जगायचंय ते तिला ऐकू येत होतं आणि ते थांबत नव्हतं.

मौतीचा चाळिसावा दिवस झाल्यावर गुरं राखणारा वंकाभाई रबारी आपल्या कळपासाठी सांगितलेल्या घंटा न्यायला आला. शेवटची उचलून त्याने हलवली. ठप्प.

"ही मुकी आहे, बेन. जुसबभाईच्या हातची आणि मुकी?"

हूरबाईने घंटा उलटी केली. आत माती तशीच होती. त्या बुधवारचीच घंटा ती; रात्री भट्टीतून काढल्यावर खरवडायला त्याला वेळच मिळाला नव्हता. तिने सळईने ती खरवडून काढली, फुंकर घातली आणि घंटा वाजवली.

अकरा.

"हां, आता बोलली!" वंकाभाई खूश झाला. "ऐकू आलं ना?"

हूरबाईने ऐरणीकडे पाहिलं. तिथे कोणी नव्हतं.

"येतं, अब्बा," ती मोठ्याने म्हणाली. "मला सगळं ऐकू येतं. तो गुरुवारही येत होता."