धन्याआधी घरी पोचलेली पेटी

मी एक जुनी पत्र्याची पेटी आहे, मित्रांनो. रंग काळा, कडी लोखंडी, आणि झाकणावर पांढऱ्या अक्षरांत एका फौजी माणसाचा नंबर आणि नाव. नंबर आता पुसट झालाय, नाव मात्र स्वच्छ वाचता येतं: लिंबाजी. सध्या मी पेडगावात त्याच्या घराच्या मधल्या खोलीत, डोक्यावर डाळीचा डबा घेऊन बसलेली असते. येणारा-जाणारा मला बाक समजून खुशाल टेकतो. माझी त्याला हरकत नाही. पण टेकताना कुणाचा हात माझ्या कडीजवळच्या पोच्यावर पडला, की मी अजूनही दचकते. तो पोचा कसा पडला, तेच आज तुम्हांला सांगायचं आहे.

माझा जन्म छावणीच्या बाजारातल्या एका पत्रेवाल्याच्या दुकानात झाला. लिंबाजी तेव्हा नवाकोरा शिपाई होता. त्याने माझं झाकण पुन्हा पुन्हा उघडून-मिटून पाहिलं, आत डोकं घालून रंगाचा वास घेतला आणि कुलूप मात्र पितळेचंच पाहिजे म्हणून हटून बसला. त्या कुलपाची किल्ली त्याने कमरेच्या करदोट्याला बांधली. ती पुढे अंघोळीलाही सुटली नाही.

त्याच्याबरोबर मी बर्फात राहिले, वाळूत राहिले. तो माझ्यावर ताट ठेवून जेवायचा आणि माझ्यावरच कागद ठेवून घरी पत्र लिहायचा. सुट्टीत आम्ही पेडगावला उतरलो, की गल्लीतल्या बाया त्याची खुशाली विचारण्याआधी माझ्याभोवती जमायच्या. आतून त्याच्या बायकोसाठी, केशरबाईसाठी, लोकरीची शाल निघायची. आईसाठी, झुंबरबाईसाठी, गुडघ्याला चोळायचं तेल निघायचं. तेव्हाचा माझा तोरा काय सांगू! घरातला माणूसच आल्यासारखे सगळे माझ्याकडे पाहायचे.

त्याच पलटणीत आमच्या गावचा सिताराम होता. त्याची पेटी माझ्याच दुकानातली, माझी जुळी बहीण म्हणा ना. एकाहत्तरच्या लढाईत पलटण पुढे गेली आणि आम्हां पेट्यांना मागे कोठारात थप्पी लावून ठेवलं. लढाई संपली. एकेक धनी येऊन आपली पेटी ओळखून घेऊन गेला. लिंबाजीही आला. सितारामच्या पेटीकडे कुणी फिरकलं नाही. मग साहेब लोक आले. किल्ली सितारामबरोबरच गेलेली, म्हणून त्यांनी छिन्नी लावून तिचं कुलूप तोडलं. आतला कपडा न् कपडा बाहेर काढला, त्याची यादी केली, सगळं पुन्हा घडी घालून ठेवलं, आणि कडीत तार ओवून वर लाखेचा शिक्का मारला. मी शेजारीच होते. इतकी वर्षं मी कुलूप लावणं आणि उघडणं एवढंच पाहिलं होतं. कुलूप असं तोडतात हे मला ठाऊकच नव्हतं.

सिताराम गेल्याची तार गावात आधीच आली होती. पण तार म्हणजे इंग्रजी कागद, तो कुणाच्या ध्यानात राहणार? गावाने डोळ्यांनी पाहिली ती पेटी. स्टेशनावरून सामान वाहणाऱ्या दत्तरावांच्या बैलगाडीत ठेवलेली, बरोबर एक अनोळखी जवान, आणि दारात ऊर बडवणारी सितारामची बायको सरजाबाई. माणूस गेला की त्याची पेटी घरी येते, हे त्या दिवसापासून पेडगावच्या मनात पक्कं बसलं.

चौऱ्याहत्तरच्या उन्हाळ्यात लिंबाजीची नोकरी पुरी झाली. शेवटी शेवटी तो नायब सुभेदार झाला होता, म्हणून त्याच्या पगारातून इन्कम टॅक्सही कापला जायचा. परभणीच्या एका बँकेत त्याला कारकुनाची जागा मिळाली होती. बँकेने कळवलं होतं, की रुजू होताना फौजेतल्या पगाराचा आणि कापलेल्या टॅक्सचा दाखला घेऊन या. पलटणीतले म्हणाले, तो दाखला पगाराच्या कचेरीतून टपालाने घरी येईल. दुसरा कुणी असता तर निमूट गाडीत बसला असता. पण फौजेतूनच निवृत्त झालेले ताडकळसचे माणिकराव लिंबाजीच्या डोळ्यांपुढे होते. ते आदल्या वर्षी असेच टपालाच्या भरवशावर घरी गेले, पत्रांवर पत्रं पाठवत बसले, आणि हाती आलेली नोकरी दुसऱ्याच्या पदरात पडली. त्यांनी लिंबाजीला बजावलं होतं, “लिंबाजी, कागद हातात पडल्याबगर घरचा रस्ता धरू नको.”

लिंबाजीने ते मनावर घेतलं. पगाराची कचेरी दुसऱ्याच शहरात होती. तिथे मला घेऊन कुठे हिंडणार? नांदेडकडे जाणारा एक जवान पेडगाववरूनच पुढे जाणार होता. लिंबाजीने मला त्याच्या हवाली केलं. पेटी माझ्या घरी पोचती कर आणि कागद घेऊन मी मागून येतोय असं सांग, एवढाच निरोप दिला. घरी एक कार्डही टाकलं.  त्याच्यावाचून मी कधी घरी गेले नव्हते.

पेडगावच्या स्टेशनात गाडी थांबते न थांबते तोच हलते. जवानाने मला फलाटावर उतरवलं, हमालाला निरोप सांगितला आणि उडी मारून डब्यात चढला. हमालाने मला बाहेर उभ्या असलेल्या दत्तरावांच्या गाडीत चढवलं आणि दुसऱ्या ओझ्याकडे धावला. पेटी पुढे गेली, निरोप तिथेच राहिला.

दत्तरावांनी फौजी कपड्यातला जवान लांबून पाहिला होता. आता त्यांनी माझ्या झाकणावरचं नाव वाचलं. सितारामची पेटी त्यांनीच आणली होती, याच गाडीतून. त्यांचा चेहरा पांढराफटक पडला. मागे वळून हमालाला एक शब्द विचारला असता तर सगळा उलगडा झाला असता. पण त्यांना ते ऐकायचंच नव्हतं. सगळ्या वाटेत ते बैलांशीही बोलले नाहीत.

मित्रांनो, त्या दिवशी मी पहिल्यांदा दारात उतरले आणि माझ्याकडे कुणी धावत आलं नाही. केशरबाई ज्वारी पाखडत होती. तिच्या हातातलं सूप तसंच राहिलं. झुंबरबाई काठी टेकत बाहेर आली, माझ्याकडे पाहिलं, गाडीच्या मागे पाहिलं, रस्त्याकडे पाहिलं.

“लिंबा कुठंय?” तिने विचारलं.

दत्तरावांनी मान खाली घातली. म्हातारी माझ्यावरच कोसळली आणि तिने माझी कडी अशी घट्ट धरली, की ती सोडवायला बायांना कितीतरी वेळ लागला.  माझा धनी जिवंत होता, मला ठाऊक होतं, आणि मीच त्याच्या मरणाची बातमी घेऊन आले होते.

लिंबाजीचा धाकटा भाऊ राधाकिशन पोस्टात धावला. तिथे काहीच नव्हतं. मी उतरले त्याच्या पाठोपाठ देशभर रेल्वेचा संप सुरू झाला होता आणि टपाल जिथल्या तिथे अडकलं होतं. लिंबाजीचं कार्ड त्यातच कुठेतरी पडून होतं. लोक म्हणायला लागले, तारही त्यातच अडकली असणार. लढाई तर कधीच संपली, असं कुणी म्हणालंच तर दुसरा म्हणायचा, फौजेत मरायला लढाई कशाला लागते? घरात बुद्धाच्या तसबिरीपुढे मेणबत्ती लागली. चूल मात्र पेटेना. शेजारपाजारचे भाकरी आणून ठेवायचे, त्या तशाच वाळायच्या.

चार दिवस गेले आणि गल्लीतल्या म्हाताऱ्या बाया आल्या. सगळ्यांत वडील धुरपताबाई. ती केशरबाईच्या हाताकडे पाहत मायेनेच म्हणाली, “केशर, झालं ते मानावं लागतंय बाई.”

केशरबाईने दोन्ही हात पदराखाली घेतले. बांगड्या उतरवायला ती तयार नव्हती, आणि का नाही तेही तिला सांगता येत नव्हतं. तेव्हा राधाकिशन म्हणाला, पेटी उघडून पाहू, आत सरकारी कागद असेल, एकदाचा सोक्षमोक्ष लागेल. त्याने पहार आणली.

ती पहार माझ्या कडीत शिरली तेव्हा मला कोठार आठवलं, छिन्नी आठवली, माझी जुळी बहीण आठवली. राधाकिशनने जोर लावला. माझा पत्रा आत दबला, तोच हा पोचा. कुलूप करकरलं. ते तुटलं असतं तर त्या घरात काय काय तुटलं असतं, या विचाराने आजही माझा थरकाप होतो. तेवढ्यात केशरबाईने पुढे होऊन हात मध्ये घातला. पहार तिच्या मनगटावर आदळली आणि एक हिरवी बांगडी पिचून खाली पडली.

“बांगडी फुटली,” एक बाई म्हणाली.

“वाढलीय,” केशरबाई म्हणाली. “फुटली न्हाई.”

मग ती उंबऱ्याकडे वळली. सरजाबाई आत न येता तिथेच उभी होती. आपलं पाऊल अशुभ ठरेल म्हणून ती दोन वर्षं कुणाच्या घरात शिरत नव्हती. केशरबाईने तिला हाताला धरून आत आणलं आणि माझ्यापुढे उभं केलं.

“सरजाबाई, तुमच्या घरी पेटी आली, तवा तिला कुलूप व्हतं का?”

सरजाबाईने डोळे बारीक करून कुलूप निरखलं. मग खाली बसून तिने माझ्या कुलपाला हात लावला.

“न्हाई,” ती म्हणाली. “कुलूप तोडलेलं व्हतं. कडीला तार बांधून वर लाख लावली व्हती. आत काय काय हाय त्याची यादी व्हती. आसं कुलूप न्हवतं.”

“आयकलं का, भाऊजी?” केशरबाई राधाकिशनला म्हणाली. “हे कुलूप मालकानं सोताच्या हातानं लावलंय. उघडायचं तर तेच उघडत्याल.”

राधाकिशनने पहार भिंतीला टेकवली. बाया एकमेकींकडे पाहत निघून गेल्या. त्यांना ते पटलं असं नाही. दुःखाने हिचं डोकं फिरलंय, असं जाता जाता कुणीतरी पुटपुटलंच. केशरबाई माझ्यावर बसली आणि त्यानंतर दिवसा ती माझ्यावरून फारशी उठली नाही. तिच्या अंगातली थरथर मला पत्र्यातून कळायची. तिची खात्री होती असं समजू नका. तिच्याजवळ एक कुलूप होतं, एवढंच.

असेच आणखी काही दिवस गेले. एका रणरणत्या दुपारी गल्लीतला सगळा आवाज एकदम बंद पडला. मग दारात लिंबाजी उभा राहिला. दाढी वाढलेली, अंग धुळीने माखलेलं. ट्रकने, एसटीने, काही वाट पायी तुडवत तो आला होता. सदऱ्याच्या आत छातीशी त्याने एक खाकी पाकीट जपून धरलं होतं. घरातले चेहरे पाहून तो गोंधळला आणि हसायला लागला. त्याच्या हसण्याला कुणी साथ दिली नाही.

झुंबरबाई खालीच बसलेली होती. धम्म घेऊन तिला इतकी वर्षं झाली होती, पण लहानपणी मनात शिरलेलं भय कुठे जातं? ती सरपटत पुढे गेली आणि तिने त्याचे पाय चाचपले. भुताचे पाय उलटे असतात म्हणे, म्हणून टाचा मागे आहेत की पुढे, ते ती बघत होती. टाचा मागेच होत्या. मग तिने त्याला गुडघ्याशी धरून खाली ओढलं, एक सणसणीत थोबाडीत दिली आणि त्याच्या गळ्यात पडली.

केशरबाई माझ्यावरून उठली नव्हती.

“किल्ली दावा,” ती म्हणाली.

लिंबाजीने सदरा वर केला. करदोट्याला किल्ली होती. ती पाहिली आणि इतक्या दिवसांत डोळ्यांतून टिपूस न काढलेली केशरबाई माझ्या झाकणावर कपाळ टेकून ढसाढसा रडली. तिचं पाणी माझ्या फटीतून आत शालीवर पडलं.

सगळी हकिकत ऐकल्यावर लिंबाजीला घाम फुटला.  मागे कशापायी राहिला होतास, असं आईने विचारलं, तेव्हा त्याने पाकिटातून तो दाखला काढून तिच्या हातात दिला. झुंबरबाईने तो उलटसुलट करून पाहिला.

“येवढ्यापायी?” ती म्हणाली.

त्याने दाखला घडी घालून परत पाकिटात ठेवला. कागद खोटा नव्हता, माणिकरावांचा सल्लाही खोटा नव्हता. त्या दाखल्यावर तो बँकेत वेळेवर रुजूही झाला.

पुढची गोष्ट ऐकाल तर तुम्हीही थक्क व्हाल. पाऊसकाळ लागल्यावर एक दिवस पोस्टमन आला, हातात खाकी सरकारी पाकीट. लिंबाजी परभणीला कामावर गेला होता. केशरबाईने पाकिटाकडे पाहिलं आणि दोन्ही हात पदराखाली घेतले. पोस्टमनने पुढे केलं तरी ती घेईना. साधा कागद आहे हो, असं तो सांगत राहिला.

“आसल,” ती म्हणाली. “मालक आल्याबगर मी हात लावायची न्हाई. बसा तुमी.”

बिचारा चहा पीत संध्याकाळच्या एसटीपर्यंत माझ्यावर बसून राहिला. लिंबाजी वळणावर दिसला तेव्हाच तिने हात पुढे केला. पाकिटात काय होतं सांगू? तोच दाखला. तीच पगाराची रक्कम, तोच कापलेला टॅक्स, त्याच कचेरीचा शिक्का. कचेरीने तो टपालानेही धाडला होता. बँकेसाठी तो इतका हिंडला, आणि तो कागद आपल्या पायांनी घरी चालत आला. लिंबाजीने तो वाचला आणि घडी घालून माझं झाकण उघडलं. आता तो कागद माझ्या तळाशी, शालीखाली आहे.

मित्रांनो, मी निर्जीव वस्तू. मला कुठेही ठेवा, गंज चढू द्या, माझ्यावर बसा, माझं काही म्हणणं नाही. पण माणसाच्या आधी त्याचं सामान कधी घरी धाडू नका. धाडावंच लागलं, तर निरोप तिसऱ्याच्या हाती सोपवून मोकळे होऊ नका. आणि दत्तरावांसारखी भीती वाटली, तरी मागे वळून एकदा विचाराच.

लिंबाजीला माझा पोचा ठोकून सरळ करायचा होता. केशरबाईने करू दिला नाही. सरजाबाई आता आमच्या घरी येते, आत येते, आणि माझ्यावरच बसते. लिंबाजी संध्याकाळी बँकेतून परतला की चपला काढायच्या आधी माझ्याजवळ बसून कमरेची किल्ली माझ्या झाकणावर टकटक वाजवतो.  ती टकटक ऐकल्यावरच केशरबाई तवा चुलीवर ठेवते.