चालक पाच, प्रवासी सहा

विजयश्रीचं काम काय, हे काळेवाडीतल्या गल्लीत कुणाला धड समजलं नव्हतं. "म्हणजे नर्स का गं तू?" शेजारच्या कुसुमताई दर दिवाळीला विचारायच्या. नर्स नाही, डॉक्टरही नाही. माणसाचं हाड मोडलं की डॉक्टर ते जोडतो, आणि ते कुठलं, कशानं, कुठं बसलेलं असताना मोडलं याचा आकडी कोड विजयश्री हॉस्पिटलांच्या फायलींवर लावते. बसचा अपघात असेल तर जखमी माणूस बसमध्ये कुठं होता हे कोडमधला शेवटचा आकडा सांगतो. चालक असेल तर पाच, प्रवासी असेल तर सहा. आठ वर्षं ती हे पाच-सहा टाकत आली होती आणि त्यापायी तिची झोप कधी उडाली नव्हती.

त्या सोमवारी चिंचवडच्या ऑफिसात तिच्यासमोर चाकणच्या बसच्या फायली आल्या. तिसरी पाळी सुटल्यावर सकाळी सात वाजता कामगारांना घेऊन निघालेली कंपनीची बस कुरुळीच्या पुढं, रस्त्याकडेला उभ्या असलेल्या कंटेनरवर मागून आदळली, त्याला तीन आठवडे होत आले होते. बाराजण जखमी झाले. त्यातला चालक भिवा दुसऱ्या दिवशी बेशुद्धीतच गेला. त्याला डुलकी लागली, असं पोलीस म्हणाले, पेपर म्हणाले आणि सगळ्यांच्या वर आवाज काढून विजयश्री म्हणाली. कारण त्या बाराजणांत तिचा नवरा बुद्धरत्न होता. आता तो घरी होता, उजव्या पायाला प्लास्टर आणि छातीला पट्टा बांधून.

चाकणच्या बसमध्ये एक रीत आहे. तिसऱ्या पाळीची माणसं सीटला पाठ टेकताच घोरू लागतात, पण दाराजवळच्या पुढच्या सीटवरच्यानं झोपायचं नाही. त्यानं चालकाशी बडबड करत राहायचं, म्हणजे त्याचा डोळा लागत नाही. सहा वर्षं ती सीट बुद्धरत्नची. बोलायला नंबर एक गडी! नेमका त्याच दिवशी तो मागं चौथ्या रांगेत जाऊन बसला होता, असं त्यानंच सांगितलं होतं.

हॉस्पिटलच्या व्हरांड्यात विजयश्रीनं भिवाच्या बायकोला, गिरजाबाईला, सगळ्यांसमोर सुनावलं होतं, "झोपच काढायची होती तर घरी काढायची! आमची माणसं कशाला मारायला काढली?" म्हातारी भिंतीला टेकून नुसती बघत राहिली होती.

फायलींवरची नावं काळी करून येतात. फक्त वय आणि जखमा दिसतात. विजयश्रीनं सकाळपासून सात फायली संपवल्या. झोपेत पुढच्या सीटच्या दांड्यावर आपटलेली माणसं ती, त्यांचे दात, नाकं, गुडघे फुटलेले. सहा, सहा, सहा. मग चालकाची फाइल. डोक्याला मार, चेहऱ्याच्या डाव्या बाजूत काचा, डाव्या बाजूची समोरची काच फोडून रस्त्यावर फेकला गेला. छातीवर ओरखडासुद्धा नाही. स्टिअरिंगमागचा माणूस डावीकडून कसा उडाला, असं तिच्या मनात येऊन गेलं. पण कोडरनं अंदाज बांधायचा नसतो. डॉक्टरांनी 'चालक' लिहिलं होतं. तिनं पाच टाकला, जरा जोरातच टाकला.

पुढची फाइल. पुरुष, वय अडतीस. 'प्रवासी, रुग्णाच्या सांगण्यावरून.' छातीचं मधलं हाड मोडलेलं, आणि छातीवर गोल चाकाच्या कडेसारखा काळानिळा वळ. उजव्या पावलाचं हाड खालून दाब येऊन चिरडलेलं. तिनं दोनदा वाचलं. हा प्रवासी कसला? हा तर ब्रेकवर पाय रोवून उभा राहिलेला माणूस! म्हणजे चालवत होता हा. आणि दोष मात्र मेलेल्यावर? ती चिडून पान उलटू लागली.

खाली एक ओळ होती. 'डाव्या करंगळीची दोन पेरं नाहीत. जुनी जखम, प्रेस मशीन.'

ती करंगळी तिच्या ओळखीची होती. नऊ वर्षांपूर्वी तिनंच तिची पट्टी बदलली होती. समोर तिच्या वरिष्ठ योगिनी मॅडम काहीतरी बोलत होत्या, त्यांचे ओठ हलताना दिसत होते, शब्द पोचत नव्हते. प्लास्टर उजव्याच पायाला आहे, एवढंच ती परत परत स्वतःला सांगत राहिली.

सहा टाकला असता तर कुणी बोट दाखवलं नसतं. डॉक्टरांच्या कागदावर 'प्रवासी' होतं, आणि कागदावर असेल तेच कोड करायचं हा तर धंद्याचा पहिला धडा. बुद्धरत्न सुटला असता. नोकरी राहिली असती, पोलीस दारात आले नसते. तिनं सहावर बोट ठेवलंही.

पण गेल्या रविवारी गिरजाबाई घरी आली होती. जखमींच्या दारोदार फिरत होती म्हातारी, पत्ते विचारत. "माज्या मालकाकडनं चूक झाली, बाबा. पदरात घ्या," म्हणाली, आणि वाकून तिनं बुद्धरत्नच्या प्लास्टरला हात लावला. त्यानं तोंड भिंतीकडं फिरवलं. विजयश्रीला वाटलं, राग आला असेल. तिनं स्वतः त्या बाईला पाणीसुद्धा विचारलं नव्हतं.

तिनं बोट काढलं. डॉक्टरांना शंका विचारायची जागा फाइलमध्येच असते. तिथं तिनं लिहिलं, 'जखमा चालकाच्या जागेशी जुळतात. रुग्णाला विचारून जागा स्पष्ट करावी.' पाठवून ती उठली.

"मॅडम, ही फाइल माझ्या घरची आहे. नियमाप्रमाणे तुमच्याकडं देते," ती म्हणाली. योगिनीनं तिचा चेहरा बघितला आणि काही न विचारता तिला घरी जायला सांगितलं.

भर दुपारी ती दारात दिसली तसा बुद्धरत्न उशीवरून उठू लागला. "काय झालं, विजू?"

"बस कोण चालवत होतं?"

बाबासाहेबांच्या तसबिरीखाली पंख्याचा नुसता खडखड आवाज चालला होता. तिनं चपलाही काढल्या नव्हत्या.

"मी छातीवरचा वळ वाचलाय, अहो. रोज पुसून घेते तुमची छाती, आणि मला दिसला नाही! कागदावर वाचावा लागला!"

मग तो बोलला, प्लास्टरकडं बघत. "भिवाकाकाची सलग तिसरी खेप होती. डोळे उघडत नव्हते त्यांचे. म्हणाले, रत्ना, मोशीपर्यंत घे जरा. आधी दोनदा घेतली होती मी. टेम्पो चालवलाय, जमतं. ते माझ्या सीटवर बसले, बोलत होते माझ्याशी." त्यानं प्लास्टरवरून नजर उचलली. "मीपण रात्रभर मशीनवर उभा होतो, विजू. माझाच डोळा लागला. काका ओरडले, तेवढंच ऐकलं."

भल्या माणसानं भल्या माणसाचा भार हलका करायला स्टिअरिंग हातात घेतलं, आणि दोघंही झोपेला मोताद! तिला त्याची दया आली, आणि त्याच दमात त्याच्या कानाखाली वाजवावीशी वाटली.

"मागचे सगळे झोपेत होते, कुणाला कुठून काढलं कुणाच्या ध्यानात नव्हतं. शुद्धीवर आलो तर सगळे म्हणत होते, ड्रायव्हर झोपला," तो म्हणाला. "मी खोटं बोलायच्या आधीच खोटं ठरून गेलं होतं. मी फक्त मागची सीट सांगितली."

"आणि तिनं तुमच्या पायाला हात लावला."

तेवढ्यात तिचा मोबाइल वाजला. हॉस्पिटलचा नंबर. फाइलवर नातेवाईक म्हणून तिचाच नंबर होता, हे तिच्या डोक्यातून पार गेलं होतं. तिनं स्पीकर लावला.

"बुद्धरत्न सरवदे यांच्या घरून का?" मुलीचा आवाज होता. "डॉक्टर मॅडमनी विचारलंय, अपघाताच्या वेळी पेशंट बसमध्ये कुठं बसले होते?"

विजयश्रीनं फोन त्याच्या हातात दिला. दोन पेरं नसलेल्या करंगळीच्या हातानं त्यानं तो तोंडाशी धरला.

"हॅलो? सर?"

"स्टिअरिंगवर," बुद्धरत्न म्हणाला. "मी चालवत होतो."

"सर, परत सांगता का? इथं प्रवासी लिहिलंय."

"चुकीचं लिहिलंय. मीच सांगितलं होतं. गाडी मी चालवत होतो, भिवाकाका नाही." या वेळी तो इतक्या मोठ्यानं बोलला की शेजारचा मिक्सर थांबला.

फोन बंद झाल्यावर तो रडू लागला. विजयश्रीनं त्याला रडू दिलं. मग कोपऱ्यातल्या कुबड्या आणून त्याच्यापुढं धरल्या.

"उठा. रिक्षा बोलावते. चिखलीला गिरजाबाईकडं जायचंय."

"घर कुठं माहितीय आपल्याला?"

"विचारत जाऊ," ती म्हणाली. "तीपण तशीच आली होती."