पत्रकावरचं घराणं

कनकलताला मराठी बोलता येत होतं, वाचता येत नव्हतं. तंजावुरातल्या तिच्या नात्यागोत्यात बहुतेकांचं असंच होतं. घरात आईबापाशी मराठी, दाराबाहेर पाऊल पडलं की तमिळ, आणि कागदावर उतरायचं ते तमिळ नाहीतर इंग्रजी. याचं तिला कधी काही वाटलं नव्हतं. वाटायची वेळ आली ती त्या गुरुवारी.

तीस वर्षं शाळेत भूगोल शिकवून ती जूनमध्ये निवृत्त झाली होती. घरी बसून महिना झाला नाही तोच राजगोपाल दारात आला. त्याच्या तीन व्हॅन होत्या आणि पर्यटकांना फिरवायचा धंदा होता. त्याची मुलगी एके काळी कनकलताच्या वर्गात होती, म्हणून तो अजून तिला टीचरच म्हणायचा.

"टीचर, महाराष्ट्रातून माणसं येतात. राजवाडा, मग तरंगंबाडीचा समुद्र, एका दिवसाची सहल. तुम्ही त्यांच्या भाषेत चार शब्द बोलायचे, बस."

कनकलताला ते आवडलं. पंधरा दिवस ती राजांची नावं आणि सनावळ्या घोकत होती. आणि गुरुवारी सकाळी नऊ वाजता राजवाड्याच्या फाटकाशी पिवळ्या पट्ट्यांचं रेशमी पातळ नेसून उभी होती. राजगोपालनं दिलेला पत्रकांचा गठ्ठा हातात होता. गुळगुळीत कागद, वर राजवाड्याचं चित्र, खाली देवनागरीत मजकूर. व्हॅनमधून चौदा माणसं उतरली आणि तिनं प्रत्येकाला दोन्ही हातांनी एकेक पत्रक दिलं.

सगळ्यात शेवटी उतरले ते रघोजीराव. साताऱ्याकडचे, वय अठ्ठ्याहत्तर, पांढरी टोपी, हातात काठी. सोबत त्यांची सून संगीता. म्हाताऱ्यांनी पत्रक डोळ्यांजवळ धरून सावकाश वाचलं, कनकलताकडे पाहिलं, चपला काढल्या, आणि तापलेल्या रस्त्यावर अनवाणी वाकून तिच्या पायांना हात लावला.

"अय्यो! काहाला हें? तुम्ही वडील माणूस!" कनकलता मागे सरकली.

"असू द्या बाईसाहेब," ते म्हणाले. त्यांचे डोळे भरून आले होते.

तिला वाटलं, तिकडे अशीच रीत असेल. त्यांचा मान राहू द्यावा.

राजवाड्यात सगळे तिच्या मागे अगदी जपून चालत होते. तिचं बोलणं ऐकून बायका एकमेकींकडे बघून हसत. पण त्यात थट्टा नव्हती. "किती जुनं बोलता हो, पोथीतल्यासारखं!" एक जण म्हणाली. दरबाराच्या रंगीत खांबांपाशी संगीतानं विचारलं, "हे सगळं तुमचंच ना?"

"हो, आमचेंच," कनकलता म्हणाली. तंजावुरात जन्मलेलं कोणीही असंच म्हणालं असतं. मोठं देऊळ आमचं, कावेरी आमची, राजवाडा आमचा. पण रघोजीरावांनी खांबाला कपाळ टेकवलं. तिला आतून छान वाटलं. इतक्या वर्षांत वर्गातल्या मुलांनीसुद्धा तिचं बोलणं इतकं जीव ओतून ऐकलं नव्हतं.

साडेदहाला व्हॅन निघाली. दाराचं बटण ड्रायव्हरपाशी होतं; त्यानं ते दाबलं आणि दार फुस्स करून लागलं. कनकलता पुढच्या सीटवर बसली. संगीतानं माइक मागून घेतला. "सगळ्यांनी नीट वाचलं नसेल म्हणून वाचते," असं म्हणत तिनं पत्रक उघडलं. "तंजावरच्या भोसले राजघराण्याच्या थेट वंशज, श्रीमंत कनकलताराजे यांच्यासमवेत राजवाडा व सागरदर्शन!"

टाळ्या पडल्या. कोणीतरी जयजयकार केला. कनकलता पुढच्या काचेकडे बघत राहिली. तिचे कान तापले. सकाळपासून तो कागद तिनंच वाटला होता; दोन्ही हातांनी.

तिनं राजगोपालला फोन लावला आणि तमिळमध्ये, दबक्या आवाजात विचारलं, "त्या कागदावर काय छापलंय तुम्ही?"

"पुण्याच्या एजंटनं छापलं, टीचर. जरा मीठमसाला घातला. कोण तपासायला येतंय?"

"मी आत्ता सांगते त्यांना."

"सांगा ना. मग व्हॅन मागे फिरेल, त्यांची सहल नासेल, ती म्हातारी माणसं रडतील. आणि टीचर, दरबारात 'आमचंच' कोण म्हणालं? ड्रायव्हर मागेच उभा होता, एवढी मराठी त्यालाही कळते; त्यानं सांगितलं मला. संध्याकाळपर्यंतचा तर प्रश्न आहे."

फोन ठेवला तर मागचे सगळे तिच्याकडे कौतुकानं बघत होते. राजघराण्यातली माणसं तमिळही किती सफाईनं बोलतात, असं कोणीतरी म्हणालं.

रस्त्याच्या दोन्ही अंगांना भाताची खाचरं सुरू झाली. एरवी या रस्त्यानं ती शेकडो वेळा गेली होती, बसमध्ये दांड्याला लोंबकळत. आज थंड हवेच्या व्हॅनमध्ये तिचा जीव घुसमटत होता. काच उघडत नव्हती, दार उघडत नव्हतं, आणि मागे चौदा जोड्या डोळे.

कुंभकोणमला जेवायला थांबले. ती बसल्याशिवाय कोणी पानावर बसेना. ती पाणी वाढायला उठली तर दोन बायकांनी तिच्या हातातलं भांडं काढून घेतलं. मग मात्र तिनं ठरवलं. भात पुढ्यात तसाच ठेवून ती म्हणाली, "मज एक सांगाचें आहे. त्या कागदावर लिहिलें आहे तशी मी नाही. मी साधी बाई आहें. शाळेंत टीचर होतें."

मग रघोजीरावांनी मान डोलावली. "बघा," ते सगळ्यांना म्हणाले, "मोठ्या घराण्यातली माणसं अशी असतात. राज्य गेलं, पण पोरांना शिकवत राहिल्या. आणि म्हणतात, मी साधी बाई."

"तसें नाही हो..." कनकलता म्हणाली, पण एका बाईंनी पदराची कडा डोळ्यांना लावली होती, आणि दुसऱ्या तिच्या पानात आग्रहानं पायसम वाढत होत्या. सुटायला म्हणून बोललेलं वाक्यच तिच्याभोवती आणखी एक पीळ देऊन बसलं. तिनं ते गोड गिळलं. त्याला चव नव्हती.

तरंगंबाडीला पोचायला अडीच वाजले. डेन लोकांचा तो पिवळसर किल्ला, पुढ्यात समुद्र, आणि दातओठ खाऊन अंगावर येणारं ऊन. कनकलतानं जेमतेम माहिती सांगितली. माणसं फोटो काढायला पांगली तेव्हा तिला जरा हायसं वाटलं, तेवढ्यात काठीचा आवाज आला.

"बाईसाहेब, दोन मिनिटं. एकटीशीच बोलायचंय."

किल्ल्याच्या भिंतीच्या सावलीत दोघं उभी राहिली. रघोजीरावांनी टोपी काढून हातात घेतली.

"आमचा मूळपुरुष तंजावरच्या फौजेत होता. वेढा पडला, तेव्हा पहाऱ्यावर उभा होता. जागा सोडून, सरकारी घोडा घेऊन पळाला, तो थेट गावात. तेव्हापासून गावात आमच्या घराला पळ्यांचं घर म्हणतात. खरं आडनाव पोस्टमनलासुद्धा ठाऊक नाही. जत्रेला देवाची पालखी निघते. सगळ्या घराण्यांचा हात दांड्याला लागतो, आमचा नाही. माझा बाप बाजूनं चालला, मी बाजूनं चाललो, आता नातू चालतो." त्यांनी खिशातून प्लास्टिकच्या पिशवीत ठेवलेला कागद काढला. "राजाशी केलेला गुन्हा राजाच्याच घरानं माफ करायचा. मी लिहून आणलंय. तुमची सही झाली की गावात दाखवीन. माझे किती दिवस उरलेत, ठाऊक नाही."

कागद आणि पेन त्यांनी तिच्या हातात दिलं. वळणदार, सुवाच्य अक्षर होतं. एवढं तिला कळलं. बाकी काही कळलं नाही.

सही केली तर? एक नाव खरडायचं. म्हातारा आनंदानं घरी जाईल. पालखीला हात लागेल. तिला कोण विचारणार? आणि नाही केली तर या माणसाच्या तोंडाकडे तिला बघावं लागेल. भिंत पाठीला लागली होती आणि तिचा दगड इतका तापला होता की पातळातून चटका बसत होता.

"वाचून घ्या ना," रघोजीराव म्हणाले.

"मज वाचतां येत नाही."

"मोडीत हवं होतं का? मला मोडी येत नाही, बाईसाहेब."

"मोडी नाही, बाळबोध नाही, कांहीं नाही. मराठी वाचतांच येत नाही मज." आता बोलणं थांबवून चालणार नव्हतं. "तो सकाळचा कागद मीच वाटला, पण त्यावर काय होतें तें ठाऊक नव्हतें. तुमच्या सुनेनें वाचला तेव्हां कळलें. मी राजांची कोणी नाही. माझा बाप पोष्टांत होता. त्याचा बाप कचेरींत कारकून. जेवतांना सांगटलें, तुम्ही ऐकिलें नाही. मग मीही गप्प बसलें."

रघोजीरावांनी कागद परत घेतला. पिशवीत घालताना घडी नीट बसेना. ओरडले असते तर तिला सोपं गेलं असतं.

"मला दिवसभर वाकू दिलंत," एवढंच ते म्हणाले, आणि वाळूतून काठी ओढत एकटेच व्हॅनकडे निघाले.

पाच मिनिटांत सगळ्यांना कळलं. संगीता तरातरा आली. "निदान त्यांच्या वयाकडे तरी बघायचंत!" तिचा आवाज चिरकला. एका गृहस्थांनी राजगोपालचा नंबर मागितला आणि तिथेच उभं राहून त्याला फैलावर घेतलं.

परतीची वाट संपता संपेना. पत्रकं सीटच्या खाली पडली होती, चुरगळून. माइक तिच्या मांडीवर होता, त्याचं काय करावं ते तिला कळेना. मयिलाडुदुरैला बसस्टँड दिसला तशी ती ड्रायव्हरला हळूच म्हणाली, "मला इथे उतरव. मी बसनं जाईन."

"ग्रुपला वाटेत सोडायचं नाही, असं मालक म्हणालेत," तो समोर बघत म्हणाला. त्यानं बटणाला हात लावला नाही. ती पुन्हा बसली. पाठीमागच्या नजरा मानेवर टोचत होत्या, आणि वळून बघायची सोय नव्हती.

पापनाशमला रेल्वेचं फाटक पडलं होतं. दोन्हीकडे लॉऱ्या, स्कूटर, कडब्याची गाडी. ड्रायव्हरनं इंजिन बंद केलं आणि पाय मोकळे करायला उतरला. अंधारून आलं होतं. मागून काठीचा आवाज आला. रघोजीराव सीटांना धरत धरत पुढे आले आणि ड्रायव्हरच्या जागेशेजारच्या पायरीवर कसेबसे बसले. संगीता "बाबा, पडाल" म्हणाली. त्यांनी हातानंच तिला थांबवलं.

"तुमचे लोक का राहिले?" त्यांनी विचारलं.

"काय?"

"वेढा पडला, राज्य गेलं, इंग्रज आले. आमचा पळाला. तुमचे का नाही पळाले?"

कनकलतानं विचार केला. काहीतरी सुंदर सांगता आलं असतं. "ठाऊक नाही," ती म्हणाली. "कोणी सांगटलें नाही. घोडा नसेल. पोरेंबाळें असतील."

रघोजीरावांच्या घशातून एक आवाज निघाला. हसू की हुंदका, तिला कळलं नाही.

"आमच्या पळण्याची गोष्ट गावानं इतकी वर्षं जिवंत ठेवली," ते म्हणाले. "तुमच्या राहण्याची कोणी नाही ठेवली?"

"राहण्याची काय गोष्ट व्हाची? राहिलें, जेवलें, पोरांस शाळेंत घातलें. वाचणें गेलें. बोलणें घरांत होतें तेवढें उरलें. माझ्या मुलास कळतें, बोलत नाही तो." ती थांबली. मग तिनं मान वळवली आणि दिवसात पहिल्यांदा त्यांच्या तोंडाकडे सरळ पाहिलं. "मी चुकलें. व्हॅनमध्यें कळलें तेव्हांच थांबवाचें होतें. मज बरें वाटत होतें, म्हणून थांबवलें नाही. भीतीही होती, पण बरेंही वाटत होतें."

गाडी धडधडत गेली, उजेडाचे चौकोन त्यांच्या अंगावरून सरकले.

"मलाही बरं वाटत होतं," रघोजीराव म्हणाले. "जेवताना तुम्ही सांगितलं ते मी ऐकलं होतं. ऐकायचं नव्हतं मला."

फाटक उघडलं. ड्रायव्हर आला. संगीतानं सासऱ्यांना हात देऊन उठवलं आणि मागे नेलं. जाताना तिनं कनकलताच्या मांडीवरचा माइक उचलून त्याच्या खुंटीला अडकवला.

तंजावुरात लॉजच्या दारात राजगोपाल उभा होता, तोंड फुगवून. माणसं उतरली; कोणी निरोप घेतला नाही. "टीचर, माझं नाव घालवलंत," तो म्हणाला. कनकलता म्हणाली की नाव त्यानंच घालवलं आणि तिचं त्याच्या सोबतीला नेलं. ते पत्रक तो पुन्हा वाटणार असेल तर त्याच्या पुढच्या गिऱ्हाइकांना ती स्वतः फाटकावर उभी राहून सांगेल. त्यानं यापुढे तिला बोलावणार नाही असं सांगितलं. तिनं "सेरी," म्हणजे बरं, एवढंच म्हटलं आणि ती रस्त्याला लागली.

"बाई!" मागून हाक आली. बाईसाहेब नव्हे, नुसतं बाई. रघोजीराव लॉजच्या पायरीवर उभे होते. "आमची गाडी उद्या दुपारी आहे. मोठं देऊळ राहिलंच."

"व्हॅन घेऊन मी येणार नाही," ती म्हणाली.

"व्हॅन कुठे म्हणालो मी?"

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला, ऊन चढायच्या आत, तिघं देवळाकडे चालत निघाली. संगीता दोन पावलं मागे होती. तिचा राग पुरता गेला नव्हता. रघोजीराव दर पन्नास पावलांवर थांबून काहीतरी विचारत. हे झाड कोणतं, हा कालवा कुठे जातो, ही दुकानं कोणाची. कनकलताला माहीत होतं ते ती सांगत होती. माहीत नसलं की "ठाऊक नाही" म्हणत होती, आणि ते काठी टेकत पुढे चालत होते.