ओलं पोतं

मोंजियाने कळ दाबून पडद्यावरच्या म्हाताऱ्याला थांबवलं आणि चष्मा काढून डोळे चोळले. शुक्रवारी चित्रपट द्यायचा होता. त्यानंतर संकलन कायमचं बंद, असं तिने बहिणीला शपथेवर सांगितलं होतं. कैरोतले विनोदी चित्रपट, बैरूतमधली लढाई, रोममधल्या प्रेमकथा. चाळीस वर्षं तिने सगळ्यांच्या भानगडी निस्तरल्या होत्या. भाषा येवो न येवो, माणसाचे हात पाहिले की कात्री कुठे लावायची ते तिला कळायचं. आता ट्यूनिसमधल्या या खोलीचा जिना चढतानाही दोनदा थांबावं लागे. तिला खरंच कंटाळा आला होता.

पडद्यावर चित्रपटाचा दिग्दर्शक वजदी याचा बाप होता, केरकेना बेटावरचा कोळी, वर्षापूर्वी वारलेला. चित्रपट वजदीच्याच आवाजात सुरू व्हायचा: ‘माझ्या बापाने माझा कॅमेरा मारला.’ होडीत ठेवलेल्या कॅमेऱ्यावर बापाने समुद्रात भिजवलेलं पोतं टाकलं होतं. कॅमेरा गेला, भांडण झालं, वजदी बेट सोडून निघाला तो थेट बापाच्या मयतीलाच परतला. या एका वाक्यावर परदेशातला महोत्सव भाळला होता.

त्या दिवसाचं चित्रण वजदीने कधी शेवटपर्यंत पाहिलं नव्हतं. मोंजियाची खोड अशी, की चित्रणाचं टाकाऊ शेपूटही पाहिल्याशिवाय टाकायचं नाही. आज सकाळी तिने ते पाहिलं आणि पुन्हा पहिल्यापासून लावलं. गप्प बसायला काय लागत होतं? शेपूट पुसलं असतं तर शुक्रवार वाचला असता. तिचं बोट दोनदा कळीपर्यंत जाऊन परत आलं.

दुपारी वजदी धापा टाकत वर आला.

“मावशी, महोत्सववाल्यांचा तिसरा फोन! म्हणतात, तुमची कापाकापी संपणार आहे की नाही?”

“त्यांना म्हणावं, ईदच्या बकऱ्यालाही आधी पाणी पाजतात. बस इथे.”

तिने त्याला जुना तुकडा दाखवला. बाप पोतं समुद्रात बुडवतोय, पिळतोय, टोपलीवर पसरतोय.

“मासे झाकतोय. रोजचंच आहे हे,” वजदी म्हणाला.

“पिळतो कशाला?”

“पाणी गळायला नको म्हणून. पण एकदाच पिळायचं. ओल राहिली नाही तर उन्हात मासा मरगळतो. लहानपणी मी दोनदा पिळलं तर कानाखाली बसली होती.”

“आता हे बघ.”

रिकामी होडी. वजदी दूर पाण्यात, मासे अडवायच्या खजुरी झावळ्यांच्या कुंपणाशी. बाप कॅमेऱ्याजवळ आला, वाकला. त्याने कॅमेऱ्यावर तळवा ठेवला आणि झटक्यात मागे घेऊन बोटांवर फुंकर मारली. वर सूर्याकडे पाहिलं.

“तापलंय बिचारं,” तो स्वतःशीच पुटपुटला.

त्याने पोतं समुद्रात बुडवलं, पिळलं, हाताने चाचपलं, पुन्हा कचकचून पिळलं. मग पडदा काळा झाला. अंधारात तरीही पाणी ठिबकत राहिलं.

मोंजियाने थांबवायला हात पुढे केला. वजदीने तो धरला.

“राहू दे.”

ठिबकणं बराच वेळ चाललं आणि मग एकदम तुटलं. कॅमेरा तिथेच गेला होता.

“दोनदा पिळलं, मावशी,” वजदी म्हणाला.

“हो.”

त्याने शर्टाच्या बाहीने नाक पुसलं. मोंजियाला वाटलं, याला जवळ घ्यावं. तिने त्याच्याकडे पाण्याचा पेला सरकवला.

“ते पहिलं वाक्य गेलं, की सगळं नव्याने जुळवावं लागेल,” ती म्हणाली. “शुक्रवार विसर.”

“आणि तुझी शपथ?”

“बहिणीच्या शिव्या तू खायच्या.”

तिने आपली खुर्ची मागे घेतली. चाळीस वर्षांत त्या जागेवर तिने कुणा दिग्दर्शकाला बसू दिलं नव्हतं. वजदी पुढे सरकला, त्याने स्वतःचा आवाज शोधला आणि पहिलं वाक्य स्वतःच्या हाताने पुसून टाकलं.